निळू फुले आणि मराठी पडद्यावरचा पाटील

निळकंठ कृष्णाजी फुले, म्हणजे सर्वांचे निळूभाऊ, मूळचे पुण्याचे. ४ एप्रिल १९३० हा त्यांचा जन्मदिवस. १९६८ साली ते पहिल्यांदा पडद्यावर आले आणि २००९ साली त्यांचे निधन झाले. मधल्या चार दशकांत त्यांनी मराठी आणि हिंदी मिळून अडीचशेच्या आसपास चित्रपट केल्याचे सांगितले जाते. त्यांतल्या फार थोड्या चित्रपटांत ते नायक होते. बाकीच्यांत ते पाटील होते, सरपंच होते, सावकार, सभापती, चेअरमन, आमदार होते. अधूनमधून एखादा भोळा बाप किंवा गावातला बेरकी म्हातारा. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला येणारी ही नेहमीचीच माणसे. पण निळूभाऊंच्या भूमिका साल लावून ओळीने पाहिल्या, तर स्वतंत्र महाराष्ट्राच्या गावांत सत्ता कोणत्या घरातून निघाली आणि कुठे जाऊन बसली, हे त्यांत स्पष्ट दिसते. खलनायक एवढ्या एकाच शब्दात त्यांना बसवले की नेमकी ही गोष्ट नजरेआड होते.

त्यांची सुरुवात नाटक कंपनीत झाली नाही आणि स्टुडिओतही झाली नाही. पुण्यातल्या बेताच्या परिस्थितीतल्या कुटुंबातला हा मुलगा वयाची विशी गाठण्याआधीच आर्म्ड फोर्सेस मेडिकल कॉलेजच्या बागेत माळी म्हणून कामाला लागला. स्वतःची रोपवाटिका काढावी ही त्याची इच्छा पैशाअभावी राहून गेली. त्याच काळात राष्ट्र सेवा दलाशी त्याचा संबंध आला. १९४१ साली उभे राहिलेले हे दल एस. एम. जोशी, ना. ग. गोरे, साने गुरुजी यांच्या विचारांवर वाढले होते. जातिभेद मोडणे, श्रमाला मान देणे, समाजवादी विचार गावोगावी नेणे हा दलाचा कार्यक्रम, आणि तो लोकांपर्यंत पोहोचवण्याचे साधन म्हणजे कलापथक. भाषणाला दहा माणसे जमतात तिथे ढोलकीला अख्खे गाव जमते, हे दलाच्या मंडळींनी लवकर ओळखले होते.

कलापथकाचे मुख्य हत्यार होते वगनाट्य. परंपरेच्या तमाशात गण, गवळण, बतावणी आणि शेवटी वग असा क्रम असतो. वगाचे कथानक ठरलेले असले तरी त्यातले संवाद पुष्कळसे नटाच्या जिभेवर सोडलेले असतात. राजा आणि प्रधान बोलता बोलता गावच्या रस्त्यावर येतात, रेशनच्या दुकानावर येतात, समोर बसलेल्या सरपंचापर्यंतही येतात. स्वातंत्र्यानंतरच्या लोकनाट्याने तमाशातला शृंगार कमी केला आणि हा चालू घडामोडींवरचा भाग वाढवला. अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख यांनी ते कम्युनिस्ट चळवळीसाठी केले, तर सेवा दलाच्या कलापथकाने समाजवादी चळवळीसाठी. पु. ल. देशपांडे यांच्या 'पुढारी पाहिजे' या वगनाट्यातली रोंगेची भूमिका निळूभाऊंनी केली आणि ती लोकांच्या लक्षात राहिली. १९५७ च्या लोकसभा निवडणुकीच्या वेळी त्यांनी स्वतः 'येरा गबाळ्याचे काम नोहे' हे वगनाट्य लिहिले. पुढे पुण्याच्या कलापथकाची जबाबदारीही त्यांच्याकडे आली.

या शाळेत जे शिकायला मिळाले ते अभिनयाच्या कोणत्याही वर्गात मिळाले नसते. वगातल्या नटाला उघड्या मैदानात, कंदिलाच्या किंवा गॅसबत्तीच्या उजेडात, हजार माणसांना धरून ठेवावे लागते. वाक्य कुठे थांबवायचे, हशा पूर्ण उतरू द्यायचा की त्याच्या डोक्यावर पुढचे वाक्य टाकायचे, हे प्रत्येक प्रयोगाला नव्याने ठरते. शिवाय दौऱ्यांमुळे गावे जवळून पाहायला मिळतात. प्रयोगाची परवानगी द्यायला पाटील येतो, सतरंजीवर पुढे कोण बसायचे यावरून मानपान होतात, जेवण कोणाच्या वाड्यावर आणि कोणाच्या ओसरीवर हेही ठरते. ज्यांची सोंगे पुढे आयुष्यभर करायची होती ती माणसे निळूभाऊंनी या दौऱ्यांत पाहिली. दादा कोंडके आणि राम नगरकर हेही याच सेवा दलाच्या मांडवातून आले. मराठी ग्रामीण विनोदाच्या आणि ग्रामीण चित्रपटाच्या पुढच्या वीस वर्षांवर या एका संघटनेची केवढी छाप आहे, याची नोंद चित्रपटाच्या इतिहासात पुरेशी घेतली गेलेली नाही.

व्यावसायिक यश आणले शंकर पाटील यांच्या 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्याने. शंकर पाटील हे कोल्हापूर भागातले कथाकार. गावातल्या राजकारणाची बोली त्यांच्या लेखणीत मुरलेली होती. या लोकनाट्याचे प्रयोग महाराष्ट्रभर गाजले. त्यातूनच निळूभाऊ दिग्दर्शक अनंत माने यांच्यासमोर आले आणि १९६८ च्या 'एक गाव बारा भानगडी' या चित्रपटात त्यांना झेलेअण्णाची भूमिका मिळाली. या चित्रपटाची कथाही शंकर पाटलांचीच. त्या वेळी निळूभाऊ अडतीस वर्षांचे होते. नायक म्हणून उभे राहण्याचे वय उलटून गेले होते, आणि चेहराही नायकाचा नव्हता. चरित्र अभिनेत्याला मात्र हे वय लाभते, कारण तो अनुभव घेऊनच कॅमेऱ्यासमोर उभा राहतो.

ज्या चित्रपटसृष्टीत ते आले तिची स्थिती नीट समजून घ्यायला हवी. १९३३ साली कोल्हापुरातून पुण्याला आलेली प्रभात फिल्म कंपनी बंद पडून बरीच वर्षे झाली होती आणि तिच्या जागेवर १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली होती. पगारी नटांचे दिवस संपले होते. मराठी चित्रपट प्रामुख्याने कोल्हापुरात तयार होत होता, आणि त्यातला चलनी प्रकार म्हणजे तमाशापट. याच अनंत मान्यांच्या १९५९ सालच्या 'सांगत्ये ऐका' ने पुण्याच्या विजयानंद चित्रगृहात सुमारे अडीच वर्षे मुक्काम ठोकला होता. त्या यशानंतर फड, कलावंतीण, भोळा शेतकरी आणि जुलमी पाटील हा साचा पक्का झाला. या साच्यातला पाटील मिशा पिळणारा, डोळे वटारणारा, मोठ्याने हसणारा असे. त्याचे पाप पहिल्याच दृश्यात कपाळावर लिहिलेले असे.

इकडे खरा पाटील बदलत होता. १९६० साली महाराष्ट्र राज्य झाले. १९६१ चा जिल्हा परिषद आणि पंचायत समित्यांचा कायदा १९६२ च्या मे महिन्यापासून अमलात आला. त्याच वर्षी महसुली पाटलांचे वंशपरंपरागत पद रद्द करणारा कायदा झाला. प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या सहकारी साखर कारखान्याचे अनुकरण पश्चिम महाराष्ट्रात तालुक्यातालुक्यांत सुरू होते. वतन गेले, पण वाडा राहिला. आणि वाड्यातला माणूस सोसायटीचा चेअरमन, बँकेचा संचालक, कारखान्याचा अध्यक्ष झाला. त्याला आता दरारा ठेवायचा होता आणि मतेही मागायची होती. ज्याला धमकवायचे त्याच्याच घरी लग्नाला जाऊन आहेर करायचा होता. असा माणूस मिशा पिळून दाखवता येत नाही.

निळूभाऊंनी हा माणूस आवाज खाली आणून दाखवला. त्यांचा आवाज मुळात घोगरा, किंचित ओढलेला. तो त्यांनी चढवण्याऐवजी संथ केला. शब्दांत जागा सोडल्या. डोळे अर्धवट मिटलेले, मान किंचित कललेली, टोपी कपाळावर सरकलेली; आणि समोरच्याला आपल्यापाशी यायला लावणारे ते थांबणे. चित्रपटभर हा माणूस क्वचितच ओरडतो, कारण त्याच्या गावात त्याला ओरडावे लागत नाही. आज नकलाकार 'बाई, वाड्यावर या' म्हणतात तेव्हा तो घोगरा सूर तेवढा उचलतात. त्यामागची बेफिकिरी, समोरची व्यक्ती येणारच अशी खात्री, ती नकलेत उतरत नाही. त्यांच्या भूमिकांची भीती बसलेल्या ग्रामीण बायका त्यांना प्रत्यक्षात पाहून शिव्या घालत, असे अनेकांनी सांगितले आहे. नटाला मिळालेली ही पावतीच. पण ती भूमिकेच्या खरेपणाची पावती आहे, दुष्टपणाची नव्हे.

१९७१ च्या 'सोंगाड्या'मध्ये ते दादा कोंडके यांच्याबरोबर होते. १९७२ च्या व्ही. शांताराम यांच्या 'पिंजरा'त डॉ. श्रीराम लागू आणि संध्या यांच्या मुख्य भूमिका होत्या आणि निळूभाऊही होते. याच १९७२ साली रंगभूमीवर त्यांच्या हाती अशी भूमिका आली जिने शहरी, नाटकवाल्या प्रेक्षकाला त्यांच्याकडे नव्याने पाहायला लावले. विजय तेंडुलकरांचे 'सखाराम बाइंडर' कमलाकर सारंग यांनी दिग्दर्शित केले. चंपा झाल्या लालन सारंग, लक्ष्मी झाल्या कुसुम कुलकर्णी, आणि सखाराम निळू फुले. नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांना करार करून घरात ठेवणारा, लग्नसंस्थेला शिव्या देणारा आणि रात्री मृदंग वाजवत बसणारा हा पुस्तकबांधणीवाला मराठी रंगमंचावर त्याआधी कोणी पाहिला नव्हता. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाने नाटक अडवले, प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि नाटक न्यायालयात जिंकून पुन्हा उभे राहिले.

सखारामाच्या भूमिकेत निळूभाऊंचे लोकनाट्य आणि तेंडुलकरांचा वास्तववाद समोरासमोर आले. वगातला नट प्रेक्षकांशी बोलतो. तेंडुलकरांच्या नाटकातला माणूस स्वतःच्या खोलीत कोंडलेला असतो. निळूभाऊंनी सखारामाला लोकनाट्याचा सैलपणा दिला. त्यामुळे तो राक्षस न होता, शेजारच्या आळीत राहणारा, आपल्या रोखठोकपणाचा अभिमान बाळगणारा आणि आतून हळूहळू खचत जाणारा माणूस झाला. पुढे जयवंत दळवी यांच्या 'सूर्यास्त' नाटकात त्यांनी याच्या अगदी उलट टोकाचे आप्पाजी केले. मुलाच्या सत्तेपुढे आपली आयुष्यभराची निष्ठा हरताना पाहणारे हे वृद्ध गांधीवादी. सेवा दलात वाढलेल्या माणसाला ही भूमिका वेगळी शिकावी लागली नसणार.

चित्रपटातली त्यांची सर्वांत मोठी भूमिका 'सामना'तली. हा चित्रपट १९७४ साली तयार झाला. निर्माते रामदास फुटाणे, लेखक विजय तेंडुलकर, दिग्दर्शक डॉ. जब्बार पटेल. जब्बार पटेल बालरोगतज्ज्ञ, डॉ. लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद, मारुती कांबळे झालेले डॉ. मोहन आगाशे मनोविकारतज्ज्ञ. तीन डॉक्टर आणि वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत कधीकाळी माळीकाम केलेला एक नट, असा हा पुण्याच्या वर्तुळातला संच होता. एका बाजूला पुण्याची प्रायोगिक रंगभूमी आणि दुसऱ्या बाजूला पुण्याचेच कलापथक. शहराच्या या दोन परंपरा त्याआधी एकमेकींच्या इतक्या जवळ आल्या नव्हत्या.

कथा अशी आहे. साखर कारखान्याचा सर्वेसर्वा हिंदुराव धोंडे-पाटील याच्या राज्यात एक दारुडा, फाटका मास्तर येऊन पडतो. हा कधीकाळचा ध्येयवादी स्वातंत्र्यसैनिक. हिंदुराव त्याला घरी आणतो, खाऊ-पिऊ घालतो, आपले साम्राज्य हौसेने दाखवतो. मास्तरच्या कानावर मारुती कांबळे हे नाव येते. सैन्यातून परतलेला आणि गावातून नाहीसा झालेला हा माणूस. त्याचे काय झाले, हा एकच प्रश्न मास्तर विचारत राहतो, आणि त्या प्रश्नाने हिंदुरावाचा सगळा डोलारा हलतो.

तमाशापटातल्या पाटलाने पहिल्या रिळातच मास्तरला बदडून वेशीबाहेर टाकले असते. हिंदुराव तसे करत नाही, आणि याच ठिकाणी निळूभाऊंचे काम थोर आहे. हिंदुरावाला मास्तर मनापासून आवडतो. आपण शाळा काढल्या, कारखाना काढला, माणसांना रोजगार दिला, याची शाबासकी त्याला या फाटक्या माणसाकडूनच हवी आहे, कारण गावातल्या बाकी सगळ्यांची शाबासकी विकत घेतलेली आहे. त्यामुळे प्रश्न सुरू झाल्यावर तो आधी दुखावतो, मग समजूत घालू पाहतो, मग दरडावतो, आणि शेवटी एकटा पडतो. निळूभाऊंनी या पायऱ्या इतक्या सावकाश उतरवल्या आहेत की हिंदुराव नेमका कुठे मोडला हे बोट ठेवून सांगता येत नाही. त्याला शिक्षा व्हावी असे प्रेक्षकाला वाटते आणि पोलीस त्याला घेऊन जातात तेव्हा वाईटही वाटते. सहकाराने महाराष्ट्राच्या गावांत खरी समृद्धी आणली आणि त्याच समृद्धीच्या सावलीत नवी संस्थाने उभी राहिली, ही दोन्ही सत्ये एका देहात दाखवण्याचे काम लेखकाइतकेच नटानेही केले. १९७५ च्या बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धा विभागात 'सामना' दाखवला गेला.

जब्बार पटेल यांच्या पुढच्या दोन्ही चित्रपटांत निळूभाऊ आहेत. १९७७ चा 'जैत रे जैत' गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा, ठाकर समाजाच्या जगण्यातला. १९७९ चा 'सिंहासन' अरुण साधू यांच्या 'सिंहासन' आणि 'मुंबई दिनांक' या कादंबऱ्यांवरचा. 'सिंहासन'मध्ये अरुण सरनाईक मुख्यमंत्री, डॉ. लागू अर्थमंत्री, आणि ज्याने दशकभर सत्ता गाजवणारे रंगवले तो नट इथे सत्तेकडे पाहणारा झाला. दिगू टिपणीस हा मंत्रालयाच्या जिन्यांवर वावरणारा पत्रकार. त्याला सगळे कळते आणि त्याच्या कळण्याने काहीही बदलत नाही. शेवटी तो रस्त्यात वेड्यासारखा हसत सुटतो. या भूमिकेत निळूभाऊंनी आपला गाजलेला आवाज, चाल, नजर, सगळे बाजूला ठेवले. दिगू बहुतेक वेळ ऐकतो. नटाने ऐकणे कसे करावे, याचा मराठी चित्रपटातला हा उत्तम नमुना आहे.

या मोठ्या चित्रपटांच्या आजूबाजूला, वर्षाला अनेक या वेगाने, व्यावसायिक चित्रपट चालूच होते: 'भिंगरी', 'फटाकडी', 'गल्ली ते दिल्ली', 'पैजेचा विडा', 'बिनकामाचा नवरा' आणि असे कितीतरी. त्यांतले अनेक साचेबंद होते, आणि त्यांत निळूभाऊंच्या वाट्याला तोच वाडा, तेच दालन येत राहिले. चरित्र अभिनेत्याच्या व्यवसायाचा हाच नियम आहे. एक भूमिका गाजली की निर्माता तीच पुन्हा मागतो, आणि घर त्यावरच चालते. तरीही सामान्य चित्रपटातसुद्धा त्यांचे एखादे दृश्य अचानक खरे होऊन जाते. विनोदी भूमिकांत तर वगातला जुना नट मोकळा सुटतो.

हिंदीने त्यांना बोलावले ते १९८० च्या दशकात. 'कुली' (१९८३) आणि 'मशाल' (१९८४) हे त्यांतले मोठ्या बॅनरचे चित्रपट. 'मशाल' तर वसंत कानेटकरांच्या 'अश्रूंची झाली फुले' वर आधारलेला. पण हिंदीतली त्यांची खरी भूमिका महेश भट यांच्या 'सारांश'मधली (१९८४). गजानन चित्रे हा मुंबईतला राजकीय पुढारी एका निवृत्त शिक्षकाच्या घराला वेढा घालतो. हिंदुरावाचा हा शहरातला भाऊबंद. फरक एवढाच की याला कोणाच्याही शाबासकीची गरज उरलेली नाही. दहा वर्षांत सत्तेचा स्वभाव किती कोरडा झाला, ते या दोन भूमिका शेजारी ठेवल्या की कळते. बाकी हिंदी चित्रपटसृष्टीला निळूभाऊंचे काय करावे हे उमगले नाही. त्यांची ताकद बोलीत होती, आणि हिंदीत ती बोली नव्हती.

१९८५ नंतर मराठी चित्रपट शहरी विनोदाकडे वळला. तमाशापट ओसरला, वाडा पडद्यावरून हळूहळू नाहीसा झाला आणि निळूभाऊंच्या भूमिकाही कमी झाल्या. १९९१ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९९२ च्या 'एक होता विदूषक'मध्ये ते पुन्हा जब्बार पटेल यांच्याबरोबर आले. पटकथा पु. ल. देशपांडे यांची आणि विषय तमाशातल्या सोंगाड्याचा. 'पुढारी पाहिजे' करणाऱ्या नटाची पुलंच्या लेखणीशी पुन्हा गाठ पडली.

भूमिका कमी झाल्यावर त्यांनी चळवळींना अधिक वेळ दिला, असे म्हणण्यापेक्षा चळवळ त्यांनी कधी सोडलीच नव्हती, असे म्हणणे बरोबर होईल. बाबा आढाव यांच्या 'एक गाव एक पाणवठा' मोहिमेला, नरेंद्र दाभोलकर यांच्या अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामाला त्यांची साथ होती. पूर्णवेळ सामाजिक कार्यकर्त्यांना मानधन देता यावे म्हणून डॉ. लागू यांच्या पुढाकाराने सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला. त्यासाठी नामवंत कलावंतांनी आचार्य अत्रे यांच्या 'लग्नाची बेडी'चे दौरे केले, त्यांत निळूभाऊही होते. पडद्यावर गावाला लुबाडणारा हा माणूस प्रत्यक्षात साधा राहिला आणि पुणे सोडून कुठे गेला नाही. त्यांच्याविषयी बोलणारे बहुतेक लोक हा विरोधाभास नवलाने सांगतात. त्यात नवल वाटण्याजोगे फारसे नाही. सत्तेचा माज दुरून पाहणाऱ्यापेक्षा त्याच्याशी आयुष्यभर भांडणाऱ्याला अधिक बारकाईने ठाऊक असतो.

२००९ साली आलेला 'गोष्ट छोटी डोंगराएवढी' हा त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक. विषय शेतकऱ्यांच्या आत्महत्यांचा. झेलेअण्णाच्या गावापासून चाळीस वर्षांनी ग्रामीण महाराष्ट्र कुठे येऊन पोहोचला होता, ते त्या विषयावरूनच कळते. त्याच वर्षी १३ जुलै रोजी अन्ननलिकेच्या कर्करोगाने पुण्यात त्यांचे निधन झाले. निळू फुले यांची ओळख ज्यांना केवळ नकलांवरून आहे, त्यांनी 'सामना' आणि 'सिंहासन' लागोपाठ पाहावेत; आणि आधी 'सामना' पाहावा.